डिंभ्याच्या रस्त्यावर मला कुणी गाठलं?

हाफ मॅरेथॉनची फी भरून बसले होते, त्यामुळे वीकेण्डलाही सुटका नव्हती. शनिवारी सकाळी साडेसहाला डिंभ्यात, धरणाजवळच्या भीमाशंकर रोडवर माझा 'मॉर्निंग रन' चालू होता. नवे शूज, कानात गाणी, सगळा जामानिमा! तेवढ्यात मागून "ताई, बाजूला!" आणि शाळेच्या ड्रेसमधल्या चार मुली चपला हातात घेऊन सुसाट पुढे.

चहाच्या टपरीवर त्या पुन्हा भेटल्या. सगळ्यात उंच होती ती नववीतली. तिला १,५०० मीटर पळायचंय. "पण पप्पा म्हणतात, लांबचं पळणं पोरींना झेपत नाही. दहावीपर्यंत पळ, मग बास."

झेपत नाही! हे फक्त तिचे पप्पाच म्हणतात असं नाही बरं का. १९२८ च्या ॲमस्टरडॅम ऑलिम्पिकमध्ये बायका पहिल्यांदा ८०० मीटर धावल्या. शेवटी काहीजणी दमून आडव्या झाल्या, पेपरांनी त्याचं भयंकर वर्णन छापलं आणि ती शर्यतच बंद झाली, थेट १९६० पर्यंत. (पुरुष दमून पडले की त्याला जिद्द म्हणतात.) १९५२ साली हेलसिंकीला स्वतंत्र भारताच्या मुली पहिल्यांदा ऑलिम्पिकमध्ये उतरल्या. त्यांतली मुंबईची मेरी डिसूझा धावली १०० आणि २०० मीटर. त्याहून लांबची शर्यत तेव्हा बायकांसाठी नव्हतीच. मॅरेथॉन मिळाली १९८४ ला, स्टीपलचेस तर २००८ ला.

"स्टीपलचेस म्हणजे?" तिने विचारलं.

तीन हजार मीटर, वाटेत अठ्ठावीस अडथळे आणि सात वेळा पाण्यावरून उडी.

"म्हणजे पळत पळत ओढा ओलांडायचा? ते तर आम्ही पावसाळ्यात रोज करतो!"

मग मी तिला ललिता बाबरबद्दल सांगितलं. सातारा जिल्ह्यातल्या दुष्काळी माण तालुक्यातलं मोही हे तिचं गाव. २०१६ ला रिओमध्ये तिने स्टीपलचेसच्या हीटमध्ये ९ मिनिटं १९.७६ सेकंदांचा राष्ट्रीय विक्रम केला आणि फायनल गाठली. ट्रॅकवरच्या वैयक्तिक शर्यतीत ऑलिम्पिक फायनल गाठणारी ती पी. टी. उषानंतरची पहिली भारतीय स्त्री. मध्ये गेली होती बत्तीस वर्षं. फायनलमध्ये ती दहावी आली.

"दहावी?" पोरीचा चेहरा पडला. मग म्हणाली, "जगात दहावी ना? चालतंय की!"

तिने माझं पेन मागितलं आणि तळहातावर लिहून घेतलं: मोही, ९.१९. "पप्पांना दाखवते. ते साताऱ्याला ऊसतोडीला जाऊन आलेत, त्यांना गाव माहीत असेल."

शाळेची वेळ झाली होती. चपला पुन्हा हातात. मी घड्याळातलं स्टॉपवॉच लावलं, पण त्या वळणावरून केव्हाच दिसेनाशा झाल्या.