खालच्या पट्टीतला खलनायक

गोविंद निहलानी यांच्या 'अर्धसत्य'मध्ये (१९८३) रामा शेट्टी मोजक्याच प्रसंगांत दिसतो. इन्स्पेक्टर वेलणकर गुंडांना पकडण्यासाठी त्याच्या अड्ड्यावर येतो, तेव्हाही त्याचा आवाज चढत नाही. वर्दीला आपण मोजत नाही, हे तो नुसत्या बसण्यातून आणि बघण्यातून सांगतो. भडक पोशाख आणि गडगडाटी हास्य हीच खलनायकाची खूण मानणाऱ्या हिंदी प्रेक्षकाला हा थंडपणा नवा होता. या भूमिकेने सदाशिव अमरापूरकर यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचे 'फिल्मफेअर' पारितोषिक मिळवून दिले.

ही किमया मराठी रंगभूमीची. ११ मे १९५० रोजी नगर जिल्ह्यात जन्मलेले अमरापूरकर मूळचे गणेश. 'सदाशिव' हे नाव त्यांनी पुढे घेतले. भक्ती बर्वे आणि अविनाश मसुरेकर यांच्यासोबतच्या 'हॅण्ड्स अप' नाटकातील त्यांचे काम निहलानींच्या नजरेत भरले. अर्थात, रंगभूमीचा नट पडद्यावर बहुधा मोठा आवाज आणि मोठे हावभाव घेऊन येतो. अमरापूरकरांनी नाटकातून नेमकी उलटी गोष्ट उचलली: शब्दाआधीचा विराम.

हिंदी चित्रपटाने त्यांना पुढे मिळेल तितके वापरले, आणि बरेचसे वाया घालवले. 'हुकूमत'सारख्या (१९८७) चित्रपटांत त्यांना रूढ खलनायकी करावी लागली. 'आँखे' (१९९३), 'इश्क' (१९९७) यांत विनोदाची बाजू दिसली. अपवाद महेश भट्ट यांच्या 'सडक'चा (१९९१). त्यातील तृतीयपंथी कुंटणखानाचालक 'महाराणी' सहज हास्यास्पद झाली असती. अमरापूरकरांनी ती भयावह केली. खलनायकासाठी 'फिल्मफेअर'ने स्वतंत्र पारितोषिक सुरू केले, तेव्हा त्याचे पहिले मानकरी तेच ठरले.

पडद्याबाहेरचा माणूस मात्र निराळा होता. सामाजिक कार्यकर्त्यांना मानधन मिळावे म्हणून उभारलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. श्रीराम लागू, निळू फुले यांच्यासोबत त्यांनी 'लग्नाची बेडी'चे प्रयोग केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीशीही ते जोडलेले होते. मार्च २०१३ मध्ये निम्मा महाराष्ट्र दुष्काळात होरपळत असताना अंधेरीच्या वर्सोव्यात, त्यांच्या घराजवळ, धुळवडीसाठी पाण्याची उधळपट्टी चालली होती. त्यांनी हरकत घेतली आणि त्यांना धक्काबुक्की सहन करावी लागली. पडद्यावर शहराला धाक दाखवणारा नट स्वतःच्या वस्तीत पाणी वाचवा म्हणताना एकटा पडला.

त्याच वर्षी 'बॉम्बे टॉकीज'मधील दिबाकर बॅनर्जी यांच्या लघुपटात त्यांनी एका अपयशी नटाला त्याच्या कलेची आठवण करून देणारा दिवंगत गुरू साकारला. हिंदीतील ही त्यांची अखेरची भूमिका. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी अंधेरीतील रुग्णालयात त्यांचे निधन झाले. अंत्यसंस्कार नगरला झाले.