उसना आवाज, स्वतःचा शब्द

पडद्यावर दिसतो एक आणि ऐकू येतो दुसराच, ही गंमत आता आपल्या घरांतील लहान मुलांनाही ठाऊक आहे. परदेशी नट अस्खलित हिंदीत बोलू लागतो, तेव्हा त्याच्या ओठांमागे कोणी निनावी कलावंत उभा असतो. फ्रान्समध्ये एडी मर्फी या अमेरिकन विनोदी नटाला असाच एक आवाज वर्षानुवर्षे लाभला होता. १९९४ च्या ‘द लायन किंग’मधील राफिकी हा वृद्ध वानर आणि २००१ च्या ‘श्रेक’मधील बडबडे गाढव हे दोघेही फ्रेंच मुलांशी याच आवाजात बोलले. हा आवाज मेद होंदो यांचा. तो घरोघरी ओळखीचा झाला. परंतु त्या आवाजाची मजुरी घालून या गृहस्थांनी जे चित्रपट काढले, ते मात्र त्यांतील फारच थोड्या घरांपर्यंत पोहोचले. होंदो यांचे सारे आयुष्य या विसंगतीशी झगडण्यात गेले.

होंदो यांचा जन्म १९३६ साली, सहाराच्या पश्चिम कडेवरील मॉरिटानिया देशात अतार येथे झाला. आई मॉरिटानियन, वडील सेनेगाली. त्या काळी हा सारा मुलूख फ्रेंचांच्या अमलाखाली होता. १९५४ साली ते मोरोक्कोतील रबात शहरी गेले आणि तेथील हॉटेल-विद्यालयात स्वयंपाकाचे शिक्षण घेऊ लागले. पुढे १९५९ च्या सुमारास त्यांनी समुद्र ओलांडला आणि फ्रान्सचे मार्सेय बंदर गाठले. तेथे व नंतर पॅरिसमध्ये त्यांनी आचाऱ्याचे काम केले, वाढप्याचे केले. गोदीत ओझी वाहिली, शेतांवर राबले, घरोघर माल पोचवला. त्याच कामासाठी फ्रेंच मजुराला अधिक दाम मिळतो आणि आफ्रिकेतून आलेल्याला कमी, हा धडा त्यांना कोणा पुस्तकातून शिकावा लागला नाही.

पोट भरता भरता त्यांनी फ्रान्स्वाज रोझे या नामवंत अभिनेत्रीपाशी नाट्यशिक्षण घेतले. शेक्सपियर, मोलिएर, रासीन यांची नाटके केली. त्या नाटकांची थोरवी त्यांना मान्य होती. मात्र गोदीवर ओझे वाहणाऱ्या परदेशी माणसाचे दुःख बोलून दाखवील असा शब्द त्यांत त्यांना सापडेना. म्हणून १९६६ साली त्यांनी रोबेर लियँसोल या नटाच्या सहकार्याने स्वतःची नाटकमंडळी काढली. योरुबा लोकांच्या मेघगर्जनेच्या देवतेवरून तिचे नाव ‘शांगो’ ठेवले. आफ्रिका व कॅरिबियन बेटांतील लेखकांची नाटके ही मंडळी पॅरिसमध्ये करू लागली. याच सुमारास होंदो यांना चित्रपटांत किरकोळ भूमिका मिळू लागल्या. काम नसेल तेव्हा ते कॅमेऱ्याच्या मागे उभे राहून निरीक्षण करीत. चित्रपटकलेची त्यांची पाठशाळा मुख्यतः हीच.

त्यांचा पहिला चित्रपट ‘सोलेय ओ’, म्हणजे ‘हे सूर्या’. आफ्रिकेतून वेस्ट इंडीजकडे नेल्या जाणाऱ्या गुलामांच्या एका गीतावरून हे नाव आले. सुमारे तीस हजार डॉलर एवढ्या तुटपुंज्या भांडवलावर, मित्रनटांच्या भरवशावर, सवड मिळेल तसे चित्रण करीत त्यांनी तो काही वर्षांत पुरा केला. नायकाची भूमिका लियँसोल यांनी केली. फ्रान्स ही आपलीच भूमी अशा विश्वासाने आलेला एक शिकलेला तरुण दारोदार नोकरी मागत हिंडतो आणि प्रत्येक दार त्याच्या तोंडावर बंद होते, एवढीच कथा. आरंभीचा एक प्रसंग तर विसरू म्हणता विसरत नाही. काही आफ्रिकी माणसे धर्मगुरूपुढे उभी राहून पापाची कबुली देतात. आणि त्यांचे पाप कोणते, तर आपण आपल्या मातृभाषेत बोललो, हे! त्यानंतर त्यांना नवी नावे बहाल होतात. १९७० साली हा चित्रपट कान येथील महोत्सवात समीक्षक-सप्ताहात दाखविला गेला आणि त्याच वर्षी लोकार्नो येथे त्याला ‘सुवर्ण बिबळ्या’ हा मानाचा पुरस्कार मिळाला.

पुरस्काराने कौतुक झाले, परंतु पुढील चित्रपटाला भांडवल मिळाले नाही. म्हणून होंदो यांनी दुसऱ्यांच्या ओठांना आवाज देण्याचे काम धरले आणि अखेरपर्यंत सोडले नाही. उसन्या आवाजाच्या कमाईवर स्वतःचा शब्द बोलायचा, हा त्यांचा शिरस्ता झाला. १९७४ च्या चित्रपटाला नाव देताना त्यांनी अरब व काळ्या मजुरांना फ्रान्सच्या रस्त्यांवर ऐकाव्या लागणाऱ्या दोन शिव्या जोडून लिहिल्या आणि त्यापुढे दोनच शब्द घातले : ‘तुमचे शेजारी’. १९७७ साली ते पश्चिम सहारातील स्वातंत्र्यसैनिकांमध्ये गेले आणि ‘झोपायला सारे मरण पडले आहे’ अशा अर्थाच्या नावाचा माहितीपट घेऊन परतले. १९७९ च्या ‘वेस्ट इंडीज’साठी तर पॅरिसमधील सित्रोएन मोटारींच्या एका बंद पडलेल्या कारखान्यात त्यांनी गुलामांचे प्रचंड जहाज उभारले. त्या एकाच जहाजावर, नृत्य आणि गीतांच्या आधाराने, त्यांनी कित्येक शतकांचा इतिहास मांडला. ज्या जहाजातून गुलाम नेले, त्यातूनच पुढे स्वस्त मजूर आणले गेले, हे दाखविण्यास त्यांना निराळे व्याख्यान द्यावे लागले नाही.

‘साराउनिया’ (१९८६) हा त्यांचा सर्वांत भव्य चित्रपट. १८९९ साली व्हुले आणि शानुआन या दोन फ्रेंच अधिकाऱ्यांची पलटण आजच्या नायजर देशातून गावे जाळीत चालली होती. त्या पलटणीला लुगू येथे अझना जमातीच्या साराउनिया राणीने झुंज दिली. तिचीच ही कथा. नायजरमध्ये चित्रण होऊ शकले नाही, तेव्हा शेजारच्या बुर्किना फासोने त्यांना आश्रय दिला. १९८७ साली त्या देशाच्या राजधानीतील महोत्सवात या चित्रपटाला ‘यनेंगाचा वारू’ हे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. पॅरिसमध्ये मात्र तो चित्रगृहांतून फार लवकर उतरविण्यात आला, आणि अनेक चित्रपटकारांनी त्याविरुद्ध निषेध नोंदविला. चित्रपट काढणे ही अर्धीच लढाई. तो लोकांना दाखविता येणे ही उरलेली अर्धी. हे ओळखूनच होंदो यांनी आफ्रिकी चित्रपटकारांची संघटना बांधण्यात आणि आपल्या देशांच्या पडद्यांवर आपला हक्क मागण्यात आयुष्याचा मोठा भाग वेचला. ‘काळा प्रकाश’ या १९९४ च्या चित्रपटात त्यांनी माली देशातील १०१ माणसांना १९८६ साली विमानात भरून फ्रान्सबाहेर घालविल्याचा प्रसंग गुंफला. २ मार्च २०१९ रोजी पॅरिस येथे ते निवर्तले. त्याआधी दोन वर्षे, २०१७ साली, ‘सोलेय ओ’ची जुनी प्रत नव्याने दुरुस्त होऊन कान येथे पुन्हा झळकली, एवढे समाधान त्यांना लाभले.

वाचकहो, आपणही परप्रांती वसलेली माणसे. म्हणून होंदो यांच्या दुःखाशी आपले दुःख जुळवून पाहण्याचा मोह होतो. तो आवरला पाहिजे. आपल्यापैकी पुष्कळांचे पूर्वज शिंदे, होळकर, गायकवाडांच्या पदरी, सत्तेच्या सावलीत या गावांत आले. होंदो सत्ताधाऱ्यांच्या देशात हमाल म्हणून गेले. आपल्याला कोणी मातृभाषेचे पाप कबूल करावयास लावले नाही. आणि तरीही दर जुलैत शाळेच्या प्रवेशाचे अर्ज माझ्या मेजावर येतात, तेव्हा अस्सल मराठी आडनावापुढील मातृभाषेच्या रकान्यात पालकांनी आपण होऊन ‘हिंदी’ लिहिलेले मी अनेकदा पाहतो. जे तेथे बळाने झाले, ते येथे आळसाने होत आहे.

परंतु मला अधिक अस्वस्थ करते ती दुसरीच गोष्ट. आमच्या इंदुरात घरे बांधावयास झाबुआ-अलिराजपूरकडील मजूर येतात. त्यांची मुले माझ्या शाळेत बसतात. घरी ती भिली बोलतात आणि वर्गात मुकी होतात. इतकी वर्षे त्या मौनाला मी मंदबुद्धी समजत आलो, याची आज लाज वाटते. होंदो यांचे चरित्र वाचल्यावर मी एका मुलाला पाण्याला त्याच्या बोलीत काय म्हणतात, असे विचारले. तो प्रथम घाबरला. मग त्याने सांगितले, आणि मी तो शब्द फळ्यावर लिहिला. दुसऱ्या दिवशी तो मुलगा पहिल्या रांगेत येऊन बसला होता.

‘तुमचे शेजारी’ हे दोन शब्द होंदो यांनी पॅरिसकरांसाठी लिहिले होते. ते आपल्याही वाट्याला येतात, हे ओळखण्यास मला तीस वर्षांची नोकरी लागली.