ओट्सच्या कुकीतले पाणी

ओटच्या दाण्यात गव्हापेक्षा स्निग्धांश कितीतरी जास्त. दाणा सोलला की त्यातला लायपेज नावाचा विकर त्यावर काम सुरू करतो आणि पीठ लवकरच कडवट, खवट होते. म्हणून ज्या स्कॉटलंडने हे धान्य रोजच्या जेवणात घेतले, तिथे दळण्याआधी ते भट्टीवर वाळवायची रीत होती. शेजारच्या इंग्लंडमध्ये मात्र ते घोड्यांपुढे जाई. सॅम्युअल जॉन्सनने १७५५च्या आपल्या शब्दकोशात या फरकावरून स्कॉटिश लोकांना चिमटाही काढला.

अमेरिकेत हे चित्र पालटले ते गिरण्यांमुळे. ओहायोतल्या अ‍ॅक्रनमध्ये फर्डिनांड शूमाखर या जर्मन स्थलांतरिताने ओट्स माणसांसाठी दळायला घेतले. पुढे सोललेला दाणा वाफवून रुळांखाली चपटा करायची पद्धत रुळली. वाफेने विकर निकामी झाला, त्यामुळे माल महिनोन्‌महिने टिकू लागला, आणि चपट्या पोह्याला शिजायलाही कमी वेळ लागू लागला. १८७७मध्ये ओहायोतल्याच रॅव्हेन्ना गावच्या गिरणीने ‘क्वेकर’ हे चिन्ह नोंदवले. फॅनी फार्मरच्या १८९६च्या बॉस्टन पाकपुस्तकात ओटमील कुकी आहे, पण तिच्यात मैदा भरपूर, ओट्स थोडे आणि सुकामेवा मुळीच नाही. आजच्या जाडसर, चिवट कुकीपासून ती बरीच दूर आहे.

ही आजची कुकी मला सगळी पाण्याच्या हिशेबावर उभी असलेली दिसते. ओट्समध्ये बीटा-ग्लुकन असते. ते पाणी शोषून फुगते, पण सावकाश. पीठ मळल्या मळल्या ट्रे भट्टीत सरकवला तर पोह्यांना पाणी पुरते मिळालेले नसते. लोणी वितळते आणि कुकी पसरून चपटी होते. तेच पीठ अर्धा तास फ्रीजमध्ये विसावले, की पोहे ओलावा धरतात, लोणीही घट्ट होते.

दुसरा तहानलेला घटक म्हणजे बेदाणा. ताज्या द्राक्षात सुमारे ८० टक्के पाणी असते, बेदाण्यात उरते जेमतेम १५ टक्के. साधारण चार किलो द्राक्षांचा एक किलो बेदाणा होतो. सांगली-तासगावकडे द्राक्षघड पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या द्रावणात बुडवून शेडमधल्या जाळ्यांवर सावलीत वाळवतात. सालीवरचा मेणाचा थर त्याने सैल पडतो आणि पाणी लवकर बाहेर येते. कॅलिफोर्नियात मात्र घड वेलींच्या ओळींमधे कागदावर पसरून उन्हात वाळवण्याची परंपरा आहे, म्हणून तिथला बेदाणा काळपट. द्राक्ष बहुतेक दोन्हीकडे एकाच घराण्याचे, थॉम्पसन सीडलेस. तासगावचा पिवळसर-हिरवा बेदाणा थोडा आंबूस असतो आणि गोड कुकीत मला तोच जास्त आवडतो. तो कोरडाच घातला तर आजूबाजूच्या पिठातले पाणी ओढून घेतो, शिवाय वर आलेले दाणे जळून कडू होतात. दहा मिनिटे कोमट पाण्यात भिजवून फडक्यावर कोरडा करावा. जर्दाळू किंवा अंजीर असेल तर बारीक चिरून हेच.

अक्रोड-बदामांचे याच्या अगदी उलट, त्यांना पाण्यापासून जपायचे. आधी १६० अंशांवर सात-आठ मिनिटे भाजून, पूर्ण गार करून मगच चिरावेत, नाहीतर कुकीत ते मऊ, कच्चट लागतात.

प्रमाण असे: लोणी ११५ ग्रॅम, ब्राउन शुगर १२० ग्रॅम, एक अंडे, मैदा १०० ग्रॅम, ओट्स १५० ग्रॅम, बेदाणे ८०, अक्रोड ६०, अर्धा चमचा खाण्याचा सोडा, दालचिनी, चिमूट मीठ. ब्राउन शुगरमधली काकवी ओलावा धरून ठेवते. आपल्याकडची गुळाची पावडरही हे काम उत्तम करते. ओट्स मात्र साधे, जाड घ्यावेत. झटपट शिजणारे बारीक ओट्स पाणी भराभर पितात आणि कुकी भुसभुशीत होते. १७५ अंशांवर अकरा-बारा मिनिटांत कडा तांबूस होतात. मधला भाग तेव्हा कच्चा वाटला तरी ट्रे बाहेर काढावा आणि पाच मिनिटे कुकीला हात लावू नये, कारण ती गरम ट्रेवरच आतून घट्ट होते.