बीज, आळे आणि कुऱ्हाड : फुलणाऱ्या वृक्षांचा मागोवा

चैत्र-वैशाखात मुंबई-पुण्याच्या रस्त्यांवर बहरणारे जे वृक्ष आज आपणांस जन्मापासूनचे शेजारी वाटतात, त्यांपैकी पुष्कळसे समुद्र ओलांडून आलेले आहेत, आणि ते येथे रुजले ते बहुतांशी बियांच्या रूपाने, ही गोष्ट आपल्या उद्यानविद्येच्या गेल्या शंभर वर्षांचा मागोवा घेऊ लागले म्हणजे प्रथम ध्यानात येते. गुलमोहर मूळचा मादागास्करच्या कोरड्या अरण्यांतला. बोयर या वनस्पतिशास्त्रज्ञाने तो तेथे पाहिला, 1829 साली तो शास्त्रीय जगास परिचित झाला आणि त्याच शतकात हिंदुस्थानच्या बागांत पोचला. नीलमोहर दक्षिण अमेरिकेतला, सोनमोहर सिंहल व आग्नेय आशियाकडचा. बहावा, ताम्हण, पळस, पांगारा ही मंडळी मात्र घरचीच.

या पाहुण्यांना आणि घरच्यांना एकाच पंक्तीस बसविण्याचे श्रेय ज्यांना द्यावे लागेल, त्यांत मिलर्ड यांचे नाव अग्रभागी येते. मुंबईतील एका व्यापारी पेढीचा हा गृहस्थ बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचा मानद सचिव होता, आणि ब्रह्मदेशातील गुलाबी फुलांचा कॅसिया मुंबईत आणण्याचे काम त्याच्याच पुढाकाराने झाले. सेंट झेवियर्स महाविद्यालयातील फादर ब्लॅटर यांच्यासमवेत त्याने लिहिलेला भारतातील सुंदर वृक्षांविषयीचा ग्रंथ 1937 साली, म्हणजे ब्लॅटर यांच्या निधनानंतर, प्रकाशित झाला. आणि रस्त्याकडेचा वृक्ष हाही आस्थेने पाहण्याचा, नावानिशी ओळखण्याचा विषय आहे, हा संस्कार त्या पिढीच्या वाचकांवर अशा लेखनाने केला.

त्या काळची रोपे तयार करण्याची रीत आज आठवावी अशी आहे. गुलमोहराची हातभर लांबीची, तलवारीसारखी कठीण शेंग वर्षभर झाडावरच खडखडत राहते. तिच्यातील बी इतके चिवट असते की, ते नुसते मातीत टाकले तर कित्येक महिने तसेच पडून राहावे. याचे कारण त्याचे कवच पाण्याला आत शिरू देत नाही. म्हणून जाणता माळी बियांवर उकळते पाणी ओतून ते निवेपर्यंत, बहुधा रात्रभर, तशाच ठेवी, अथवा प्रत्येक बी कानशीने एका बाजूस किंचित घाशी. फुगलेली बी सकाळी वेगळी काढी आणि न फुगलेल्यांवर पुन्हा तोच प्रयोग करी. बहाव्याचीही हीच कथा, फरक इतकाच की त्याच्या नळकांड्यासारख्या शेंगेत प्रत्येक बी स्वतंत्र कप्प्यात, काळ्या गोड गरात बसलेले असते. हा गर माकडे, कोल्ही, अस्वले खातात, आणि वनात बहाव्याचा प्रसार पुष्कळ अंशी त्यांच्याच पोटातून होतो. ताम्हणाचे बी याच्या अगदी उलट प्रकृतीचे: हलके, पंख असलेले, कवच नरम, पण रुजण्याचे प्रमाण बेताचे, त्यामुळे बोंडे उकलण्याच्या बेतात असतानाच ती उतरवून, बी दाटपणे पेरून, वर बारीक मातीचा केवळ हात फिरवावा लागतो. नीलमोहराच्या पातळ पापुद्र्यासारख्या बियांवर जाड माती टाकली तर त्या वरच येत नाहीत. पळसाच्या शेंगेत तर एकच बी, आणि तेही फार दिवस जिवंत न राहणारे; ते त्याच पावसाळ्यात भूमीत जावयास हवे.

बियाण्यापासून झाड करणाऱ्यास आणखी एक गोष्ट पदरात घ्यावी लागे: येणारे रोप आईसारखे असेलच याची हमी नाही. एकाच ताम्हणाच्या बियांतून कोठे गडद जांभळी, कोठे फिकट गुलाबी फुले येतात. एका बहाव्याचे घोस हातभर लोंबतात, तर दुसऱ्याचे तोकडे राहतात. म्हणूनच उत्तम मातृवृक्ष निवडून त्याचेच बी धरण्याची तजवीज चांगल्या बागांतून होत असे. ती दृष्टी पुढे मंदावली. 1950 साली कन्हैयालाल मुनशी यांनी वनमहोत्सव सुरू केला आणि रोपांची संख्या हाच वृक्षारोपणाच्या हिशेबाचा मुख्य रकाना झाला. ऐंशीच्या दशकात सामाजिक वनीकरणाने गिरिपुष्प, सुबाभूळ यांसारखी झपाट्याने वाढणारी झाडे पुढे केली. कुंड्या आणि गादीवाफे मागे पडून पॉलिथिनच्या पिशव्या आल्या. त्यांनी वाहतूक सोपी केली हे खरे, परंतु वर्षानुवर्षे पिशवीत अडकलेल्या रोपाची मुळे वर्तुळात फिरतात, आणि तीच मुळे मोठ्या झाडाच्या बुडाला फास घालतात. वादळात उन्मळणाऱ्या झाडाची मूळकथा कधीकधी रोपवाटिकेतच लिहिली गेलेली असते, असे माझे मत आहे.

छाटणीचा इतिहास मात्र अधिक क्लेशकारक आहे. जुन्या माळ्यांची समजूत अशी होती की, फांदी खोडाशी अगदी सपाट कापावी आणि जखमेवर डांबर फासावे. ही समजूत प्रामाणिक होती व जगभर होती. अमेरिकेच्या वनखात्यातील अ‍ॅलेक्स शिगो यांनी सत्तरच्या दशकात असंख्य खोडे उभी चिरून दाखविले की, झाडाची जखम आपल्या कातडीसारखी भरून येत नाही. झाड सडलेल्या भागाभोवती आतून तट उभारते व बाहेरून नवे लाकूड चढविते. फांदीच्या बुडाशी जे फुगीर कडे दिसते ते त्या तटबंदीचे ठाणे होय. ते कापले की तट मोडला. फार लांब खुंट ठेवला की सडणे आत उतरले. म्हणून कड्याच्या किंचित बाहेर कापावे, आणि मोठी फांदी असल्यास प्रथम खालून एक खाच, मग वरून थोडे पुढे दुसरी, आणि शेवटी कड्याशी तिसरी, म्हणजे फांदी पडताना खोडाची साल फाटत नाही. डांबराचा सडणे थांबविण्यास उपयोग होत नाही, हेही त्याच अभ्यासांतून सिद्ध झाले.

कापण्याचा हंगामही फुलांवर अवलंबून आहे. ताम्हण नव्या पालवीच्या टोकास फुलते, तेव्हा त्याची छाटणी थंडीत, पालवी फुटण्यापूर्वी करावी. पांगारा आणि गुलाबी कॅसिया आधीच्या वाढीच्या फांद्यांवर फुलतात, म्हणून त्यांना बहर ओसरल्यावरच हात लावावा. हे भेद मक्तेदाराच्या दस्तऐवजात कोठेही नसतात. तेथे एकच हुकूम असतो, पावसाळ्यापूर्वी भार उतरविण्याचा, आणि मजूर शेंडे तोडून मोकळे होतात. शेंडा तोडलेल्या गुलमोहरावर जे फुटवे येतात ते सालीच्या वरच्या थरात चिकटलेले असतात. झाड पुन्हा हिरवे दिसते, परंतु दोन-चार पावसाळ्यांनंतर तेच फुटवे वाऱ्याने निखळतात, आणि मग दोष गुलमोहराच्या ठिसूळ लाकडास दिला जातो. लाकूड ठिसूळ आहेच. पण त्याला अधिक ठिसूळ आपण केले. महाराष्ट्राच्या 1975 च्या नागरी क्षेत्रांतील वृक्षसंरक्षणाच्या कायद्याने परवानगीवाचून झाड तोडणे वा त्यास इजा करणे बंद केले, वृक्ष प्राधिकरणे नेमली. परंतु कशी छाटणी ही इजा आणि कशी सेवा, याचे ज्ञान कलमांनी येत नाही, ते करवत हाती धरणाऱ्यालाच द्यावे लागते.

खरी छाटणी रोप अंगठ्याएवढे असतानाच होते. एका मुख्य खोडास वाट करून देणे, एकाच ठिकाणी फुटलेल्या दोन स्पर्धी फांद्यांपैकी एक वेळीच काढणे, रस्त्यावर आडवी येणारी खालची फांदी बोटाएवढी असतानाच उतरविणे, इतके चार-पाच वर्षे केले तर पुढे कुऱ्हाडीची वेळ क्वचितच येते. गेल्या काही वर्षांत पुण्या-मुंबईकडे बहावा, ताम्हण, पळस यांच्या बिया गोळा करून रोपे करणाऱ्या तरुणांचे लहान गट दिसू लागले आहेत. त्यांनी लावलेल्या ज्या रोपांना आता दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाची पालवी आहे, त्यांच्या फांद्यांची निवड त्या त्या झाडाच्या हंगामात, येत्या वर्षभरातच व्हावयास हवी, आणि त्यासाठी नगरपालिकांनी रोपे वाटण्याच्या नोंदवहीशेजारी पहिल्या पाच वर्षांच्या छाटणीचीही एक नोंदवही उघडावी.