जोकुमाराचे गाऱ्हाणे

चतुर्थीची आरास उतरून झाली होती आणि भाद्रपदाची पौर्णिमा अद्याप दोन-तीन दिवस दूर होती. धारवाडचे काम आटोपून गोव्याकडे परतताना केलगेरीपाशी आमची गाडी चहासाठी थांबली. केलगेरी हे एके काळचे स्वतंत्र खेडे. आज ते महापालिकेच्या हद्दीत मोडते. गावाला तळे आहे, काठाला पाखरे आहेत, आणि कालपरवापर्यंत जेथे ज्वारी डुलत होती तेथे भूखंडांचे दगडही रोवलेले आहेत. त्या दगडांच्या बाजूने चार बायका गाणे म्हणत येत होत्या. एकीच्या डोक्यावर वेताची पाटी होती, पाटीत कडुनिंबाचा पाला होता आणि पाल्यात बसविलेली मातीची एक ओबडधोबड मूर्ती. डोळे मोठाले, मिशा झुबकेदार, ओठांवर लोण्याचा गोळा.

हा कोण देव, असे आम्ही मोडक्या कानडीत विचारले. वयाने थोर असलेली बाई हसली. "गणप्पा गेला ना अण्णा, आता हा आला. दर्शन घ्यायचे तर वाकून घ्या. हा उभ्याउभ्या दिसत नाही," असे ती म्हणाली आणि तिने पाटी खाली ठेवली. आम्ही वाकलो. आजचा हा लेख त्या वाकण्यातून निघाला आहे.

हा जोकुमार. उत्तर कर्नाटकातील खेड्यापाड्यांतून भाद्रपद शुद्ध अष्टमीला तो जन्म घेतो आणि पौर्णिमेला त्याचा अंत होतो. उणापुरा सात दिवसांचा हा देव. त्याला देऊळ नाही, पुजारी नाही, दानपेटी नाही. कुंभाराच्या घरी तो घडतो आणि परंपरेने तो मान असलेल्या कष्टकरी समाजांतील बायका त्याला दारोदार फिरवितात. घरातील गृहिणी सुपातून ज्वारी, मीठ, मिरची घालते. तिला परत कडुनिंबाचा पाला व चिमूटभर प्रसाद मिळतो. तो शेतात टाकला की पीक भरते, अशी श्रद्धा आहे. मूल नसलेल्या स्त्रिया त्याला नवस बोलतात. पौर्णिमेच्या रात्री मात्र या देवाचा वध होतो. परटाच्या मुलीचा त्याने मोह धरला म्हणून परटांनी त्याला मारले, अशी कथा सांगतात.

पण या कथेचा खरा गाभा पुढेच आहे. गणपती भूलोकीचा पाहुणचार घेऊन कैलासास परततो. लोक कसे आहेत, असे शिवपार्वती विचारतात. मोदक खाऊन तृप्त झालेला गणपती सांगतो की सर्व क्षेम आहे, लोक सुखात आहेत. त्याच्यामागून जोकुमार जातो. त्याने भूक पाहिलेली असते, करपलेले शेत पाहिलेले असते. तो सांगतो की पाऊस नाही, दाणा नाही, माणसे हवालदिल आहेत. ते ऐकून शिव पाऊस पाडतो. ज्याला गोडधोड मिळाले त्याने गोड वृत्तान्त द्यावा, आणि ज्याला मूठभर ज्वारी मिळाली त्याने खरे सांगावे, ही मार्मिकता कोणा पंडिताची नव्हे. ती पाटी डोक्यावर घेणाऱ्या बायकांची आहे. आम्हां वृत्तपत्रवाल्यांना तर ही कथा पाठच असावयास हवी.

अशा देवांची वस्ती केवळ आपल्याकडेच होती असे नाही. ग्रीकांचे पुराण म्हटले की झ्यूस, अपोलो, अथीना ही बड्या घरची मंडळी आपल्यासमोर येतात. परंतु अथेन्सच्या बायका उन्हाळ्यात धाब्यावर चढून फुटक्या मडक्यांत बडीशेप, सॅलडची पाने, गहू, जव पेरीत. ते अंकुर भराभर उगवत आणि तितक्याच भराभर करपत. मग अकाली मेलेल्या अडोनिसच्या नावाने त्या ऊर बडवीत आणि त्याच्या लहान प्रतिमा पाण्यात सोडीत. नगराच्या अधिकृत उत्सवांत या विधीला मोठेसे स्थान नव्हते. तो बायकांनी चालविला आणि बायकांनीच टिकविला. अडोनिस केलगेरीत आला असे आम्हांस सुचवायचे नाही. जेथे पोट पेरणीवर अवलंबून असते तेथे उगवणारा आणि मरणारा तरुण देव माणसाला सुचतो, एवढेच आमचे म्हणणे.

तिठ्यावरची हेकाटी ही तशीच दुसरी देवता. महिनाअखेरीस श्रीमंत लोक तिच्या नावाने चव्हाट्यावर अन्न ठेवीत आणि ते ठेवतात न ठेवतात तोच गरीब ते उचलून नेत, अशी कोपरखळी ॲरिस्टोफेनीसने इ. स. पूर्व ३८८ च्या आपल्या नाटकात मारली आहे. तिठ्यावरचा उतारा पाहिलेल्या गोमंतकीयाला हे निराळे समजावून सांगावयास नको. गोव्यात जन्मलेल्या दामोदर कोसंबींनी १९६२ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात चव्हाट्यावरच्या मातृदेवतांच्या ठाण्यांचा पायी हिंडून घेतलेला शोध मांडला आहे. रा. चिं. ढेरे यांनी १९७८ च्या 'लज्जागौरी'त आपल्या सांतेरीचे वारूळ आणि कर्नाटकाची यल्लम्मा यांचे नाते उलगडून दाखविले. ज्या सीमेवरून आपण भांडतो, ती या देवतांनी कधीच मानली नव्हती.

धारवाडात याच गोष्टीचे दुसरे टोकही सापडते. जी. ए. कुलकर्णी यांनी याच गावी अनेक वर्षे इंग्रजी शिकविले, आणि १९७७ च्या 'पिंगळावेळ'मध्ये ग्रीकांच्या ऑर्फियसला मराठी कथेत आणले. पुढे आमच्यासारख्या अनेकांना ऑर्फियस आपला वाटू लागला. त्याबद्दल जी.एं.चे ऋण आहेच. खंत आहे ती आमच्याविषयीची. दूरच्या ऑर्फियससाठी डोळे ओले करणाऱ्या आम्हांस त्याच गावाच्या वेशीवरच्या जोकुमाराचे नावही ठाऊक नव्हते. कानडी साहित्याने ही चूक केली नाही. चंद्रशेखर कंबार यांनी १९७२ साली 'जोकुमारस्वामी' हे नाटक लिहिले; जमिनी बळकावणारा पण पुरुषत्वहीन गौडा आणि ती जमीन कसणारा बसण्णा यांना समोरासमोर उभे करून, भूमी कोणाची, हा प्रश्न त्यांनी सात दिवसांच्या या देवाच्या तोंडून विचारला.

जुने ते सर्व जपावे, असे सांगण्याचा आमचा हेतू नाही. यल्लम्मेच्या नावाने मुली सोडण्याची दुष्ट चाल याच भूमीत वाढली आणि तिच्याविरुद्ध कर्नाटकाला १९८२ साली कायदा करावा लागला. लोकदैवताच्या आड लपलेले शोषण शोषणच असते. परंतु निवडणे वेगळे आणि विसरणे वेगळे. विसरण्याचे काम आज फार झपाट्याने चालू आहे. ज्या शेतात पाला टाकायचा ते शेतच उरले नाही तर पाटी कोणाच्या दारी जाणार? सोळाव्या शतकात ज्या देवांना महाजनांचा आधार होता ते नदी ओलांडून अंत्रुजात आले आणि वाचले. वारूळ मात्र पालखीत घालता येत नाही. पाटीतल्या देवाचेही तसेच आहे. त्याचे देऊळ म्हणजे त्याच्या भोवतीचे शिवार.

ग्रीसमध्ये एल्यूसिस या खेड्यात अर्ध्या गाडलेल्या एका मूर्तीसमोर शेतकरी दिवे लावीत आणि पीक तिच्यामुळे येते असे मानीत. १८०१ साली एडवर्ड क्लार्क या इंग्रज प्रवाशाने गावाचा विरोध न जुमानता ती उचलून केंब्रिजला नेली. आज ती तेथील संग्रहालयात सुरक्षित आहे, आणि ती दिमीतर देवी नसून देवळाच्या द्वाराचा स्त्रीरूपी खांब होता, असे विद्वान सांगतात. विद्वानांचे खरेच असेल. पण तिच्यापुढचा दिवा विझला तो विझलाच. आपल्या लहान देवांचीही केवळ संग्रहालयातील चिठ्ठी तेवढी उरावी काय?

केलगेरीच्या त्या बाईने निघताना आमच्या हाती पाल्याची एक डहाळी दिली. ती कोठे टाकायची, असे आम्ही विचारले. "शेत आहे का तुमचे?" तिने उलट विचारले. आम्ही नाही म्हणालो. ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "मग ज्याचे आहे त्याला द्या."

आपल्या कोकण-गोव्यात देवापुढे गाऱ्हाणे घालण्याची रीत आहे. आमचे गाऱ्हाणे एवढेच की, सर्व क्षेम असल्याचे सांगणारे पुष्कळ झाले. गावचे खरे दुःख वर नेऊन पोचविणाराही कोणी असावा, मग त्याचे आयुष्य सातच दिवसांचे का असेना.