महाळुंगाचा भाव, कवठाचा भाव

नऊ महाळुंगं आणि सात कवठं मिळून किंमत १०७. सात महाळुंगं आणि नऊ कवठं मिळून १०१. तर एका महाळुंगाचा भाव काय आणि एका कवठाचा काय?

हे गणित आहे महावीर या जैन गणितज्ञाच्या 'गणितसारसंग्रह' या संस्कृत ग्रंथातलं. काळ इसवी सन ८५० च्या आसपासचा, राज्य राष्ट्रकूटांच्या अमोघवर्ष नृपतुंगाचं. वेरूळचं कैलास लेणं ज्या घराण्यानं कोरवून घेतलं, तेच हे राष्ट्रकूट. फळंही परकी नाहीत. कवठ महाशिवरात्रीला घरोघरी येतं, आणि महाळुंग कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात आहे.

दहावीच्या बीजगणितात 'दोन चलांतील रेषीय समीकरणे' या धड्यापाशी मुलं अडतात ती बहुधा पद्धतीच्या घाईमुळे. एक समीकरण अमुकनं गुणा, दुसरं तमुकनं गुणा, वजा करा. हात चालतो, पण आपण काय करतोय ते डोक्यात शिरत नाही. इथे पेन खाली ठेवून नुसतं दोन्ही खरेद्यांकडे बघू. दोन्ही पिशव्या एकत्र केल्या तर सोळा महाळुंगं, सोळा कवठं आणि किंमत २०८. म्हणजे एक महाळुंग आणि एक कवठ ही जोडी १३ ला. आता फरक बघा. पहिल्या पिशवीत दोन महाळुंगं जास्त आहेत, दोन कवठं कमी आहेत, आणि तेवढ्यानं किंमत ६ नं वाढली. म्हणजे महाळुंग कवठापेक्षा ३ नं महाग. बेरीज १३, फरक ३. महाळुंग ८, कवठ ५. क्ष नाही, य नाही.

महावीरानं दिलेला नियम थोडा वेगळा आहे. मोठ्या किमतीला मोठ्या संख्येनं गुणायचं, लहान किमतीला लहान संख्येनं, आणि वजाबाकी करायची: ९६३ वजा ७०७, म्हणजे २५६. तिला दोन संख्यांच्या वर्गांच्या फरकानं, म्हणजे ८१ वजा ४९ बरोबर ३२ नं, भागायचं. उत्तर ८. क्रेमरच्या पद्धतीत निश्चयक मांडणाऱ्या विद्यार्थ्याला हा ३२ लगेच ओळखू येईल. पण म्हणून छाती फुगवायचं कारण नाही. हा नियम संख्यांची अदलाबदल झालेली असेल तेवढ्यापुरताच आहे. चीनमधल्या 'गणिताची नऊ प्रकरणे' या त्याहून कित्येक शतकं जुन्या ग्रंथात कुठल्याही संख्यांना चालणारी रीत आहे. मोजणीच्या काड्या उभ्या रांगांत मांडायच्या आणि एक रांग दुसरीतून वजा करत न्यायची. गंमत म्हणजे तिथेही असंच एक गणित भेटतं: पाच बैल आणि दोन मेंढ्या यांचं मोल दहा ल्यांग सोनं, दोन बैल आणि पाच मेंढ्यांचं आठ. उत्तर मात्र महावीराइतकं गोड नाही. बैल ३४/२१ ल्यांगला, मेंढी २०/२१ ला.

दोन भाव काढायचे तर दोन हिशेब लागतात, हे सगळेच सांगतात. दुसरा हिशेब कसा असावा, याबद्दल मात्र फारसं कुणी बोलत नाही. अठरा महाळुंगं आणि चौदा कवठं २१४ ला, असं कुणी सांगितलं तर त्यानं काहीच सांगितलं नाही, पहिलंच वाक्य दुप्पट करून ऐकवलं. हे चटकन लक्षात येतं. फसवतो तो जवळजवळ तसाच असलेला हिशेब. समजा, दुसरी खरेदी दहा महाळुंगं आणि आठ कवठं अशी आहे आणि किंमत १२०. उत्तर पुन्हा ८ आणि ५ च येतं. पण दुकानदारानं १२० ऐवजी १२१ लावले, तर? महाळुंग एकदम साडेचारला येतं आणि कवठ साडेनऊला जातं. स्वस्त फळ महाग, महाग फळ स्वस्त! हीच एकाची चूक महावीराच्या गणितात करून पाहा. १०१ च्या जागी १०२ घेतले तर महाळुंग ७.७८ आणि कवठ ५.२८. तिथे भागाकार ३२ नं होता, इथे अवघ्या २ नं होतो, आणि भाजक जितका लहान तितकी चूक फुगते. महावीरानं अदलाबदलीचे आकडे सोयीसाठी घेतले असतील, पण त्यामुळे त्याचं गणित भक्कम झालंय.

वनस्पतिशास्त्राच्या प्रयोगशाळेत हाच प्रश्न फळं टाकून रंगद्रव्यं घेऊन येतो. हिरव्या पानात 'अ' आणि 'ब' अशी दोन हरितद्रव्यं असतात. ॲसिटोनमध्ये पान वाटून गाळलं की दोन्ही एकाच हिरव्या द्रावणात मिसळलेली असतात. ती वेगळी न करता कोणतं किती, हे कसं सांगायचं? त्यातून प्रकाश सोडून किती शोषला गेला ते मोजायचं. शोषलेला प्रकाश ही एकूण किंमत, प्रत्येक द्रव्याचा शोषणांक हा ठाऊक असलेला आकडा आणि अज्ञात आहे ते द्रव्याचं प्रमाण. १९४९ साली डॅनियल आर्नन यांनी जी समीकरणं मांडली, त्यांत ६६३ नॅनोमीटर तरंगलांबीला 'अ' चा अंक ८२.०४ आणि 'ब' चा ९.२७ आहे. ६४५ ला तेच अंक १६.७५ आणि ४५.६ होतात. एका रंगाच्या प्रकाशात 'अ' चं पारडं जड, दुसऱ्यात 'ब' चं. नऊ-सात आणि सात-नऊ यांच्यापेक्षाही इथली तफावत मोठी, म्हणून मोजमापात थोडं इकडेतिकडे झालं तरी उत्तर उलटंपालटं होत नाही.

६५२ नॅनोमीटरला मात्र दोघांचेही अंक सारखेच, ३४.५. तिथे मोजलं तर दोन्ही हरितद्रव्यांची बेरीज एका फटक्यात हाती येते. त्यातलं 'अ' किती आणि 'ब' किती, हे त्या एका मापातून काही केल्या कळत नाही.