आप्तांचा हिस्सा

स्वतः निःसंतान राहून राणीच्या संततीची जन्मभर उस्तवार करणाऱ्या कामकरी मुंगीचा दाखला १८५९ साली आपल्या ग्रंथात नमूद करताना खुद्द डार्विनलाही तो आपल्या सिद्धान्तावरील मोठा आक्षेप वाटला होता. कारण ज्या जीवाला वारसच नाही, त्याची परोपकारबुद्धी पुढील पिढीत उतरावी तरी कशी? या प्रश्नाची समाधानकारक कैफियत १९६४ मध्ये विल्यम हॅमिल्टन या तरुण इंग्रज जीवशास्त्रज्ञाने मांडली. आप्ताला होणारा लाभ, त्याच्याशी असलेल्या आनुवंशिक नात्याच्या प्रमाणात घटवूनही, कर्त्याच्या हानीहून अधिक भरत असेल तर तो त्याग निसर्गनिवडीत टिकतो, असे त्याचे सूत्र सांगते. सख्ख्या भावंडाचा आणि अपत्याचा हिस्सा रुपयात आठ आणे, चुलत भावंडाचा दोन आणे! कॅलिफोर्नियातील पहाडी कुरणांत राहणाऱ्या बेल्डिंगच्या जमीनखारींची पॉल शर्मनने केलेली निरीक्षणे १९७७ मध्ये प्रसिद्ध झाली, त्यांत हिंस्र पशू दिसताच जिवाची जोखीम पत्करून चीत्कार करणाऱ्या बहुधा माद्याच निघाल्या, आणि त्याही लेकीबहिणी आसपास असलेल्या. जन्मस्थान सोडून जाणारे नर सहसा मौन पाळीत.

या सूत्राने जॉर्ज प्राइस हा अमेरिकन रसायनशास्त्रज्ञ अस्वस्थ झाला. १९६७ मध्ये तो लंडनला आला होता; तेथे तो स्वतःच गणित मांडू लागला. त्याचे १९७० मधील समीकरण इतके व्यापक ठरले की हॅमिल्टनने त्याच्या आधारे आपल्या सूत्राची फेरमांडणी केली. त्याच वर्षी प्राइस कट्टर ख्रिस्ती झाला. पुढे निराधारांना त्याने घर मोकळे केले, होते नव्हते ते वाटून टाकले, आणि १९७५ च्या जानेवारीत, सर्वस्वी निष्कांचन अवस्थेत, आत्महत्या केली.

सूत्राला आव्हान देणारा हुतात्मा म्हणून त्याच्याकडे पाहण्याचा मोह होतो खरा. परंतु त्याच्या दोन मुली घटस्फोटानंतर आईपाशीच वाढल्या, ही नोंद मला अधिक बोचते. (बापाच्या दानाची कीर्ती गावभर आणि घरची चूल थंड, हा प्रकार आपल्याकडेही अपरिचित नाही.) हॅमिल्टनच्या हिशेबात त्या मुलींचा हिस्सा आठ आणे, अनोळखी निराश्रिताचा जवळजवळ शून्य, म्हणून मुलींचा हक्क मोठा, असा निवाडा कोणी या सूत्रावरून देऊ लागला, तर तो मला मान्य होणार नाही. माया कोठून उपजली हे सूत्र सांगते. बापावरील त्यांचा हक्क मात्र त्याने पत्करलेल्या पालकत्वातून निघतो, आणि त्या दोघी दत्तक असत्या, म्हणजे सूत्रात त्यांच्या नावे एक पैही जमा नसती, तरी तो तसूभरही कमी झाला नसता.